जिमी गॉल्ड आणि विकलेले सामने: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

१९६५ साली इंग्लंडमध्ये फुटबॉलचे सामने विकल्याबद्दल दहा खेळाडू तुरुंगात गेले. त्यांचा म्होरक्या होता ॲबर्डीनचा जिमी गॉल्ड. या प्रकरणाबद्दल मराठीत फारसं काही सापडत नाही. जे सापडतं त्यात शेफिल्ड वेन्सडे या क्लबच्या तीन नामवंत खेळाडूंचीच चर्चा असते आणि गॉल्ड कोपऱ्यात उभा असतो. वाचक जे प्रश्न पुन्हा पुन्हा विचारतात, त्यांची उत्तरं इथे एकत्र दिली आहेत.

जिमी गॉल्ड नेमका कोण होता?

स्कॉटलंडच्या ईशान्य किनाऱ्यावरच्या ॲबर्डीन शहराचा मुलगा. खेळायचा इनसाइड फॉरवर्डच्या जागेवर, म्हणजे मुख्य आघाडीपटूच्या थोडा मागे. चेंडू पुढे खेळवायचा आणि संधी मिळाली की स्वतः गोलही करायचा. त्याचं नाव पहिल्यांदा गाजलं ते आयर्लंडमध्ये. १९५४-५५च्या मोसमात वॉटरफर्ड क्लबकडून त्याने ३० गोल केले आणि आयरिश साखळीत सर्वाधिक गोल करणारा खेळाडू ठरला. एका मोसमात ३० गोल ही कुठल्याही काळात मोठीच गोष्ट आहे.

त्या जोरावर लंडनच्या चार्ल्टन ॲथलेटिकने त्याला घेतलं. तेव्हा चार्ल्टन इंग्लंडच्या पहिल्या श्रेणीत होता. पुढे एव्हर्टन, प्लिमथ अर्गाइल, स्विंडन टाउन, स्कॉटलंडमध्ये परतून सेंट जॉनस्टन, आणि शेवटी चौथ्या श्रेणीतला मॅन्सफील्ड टाउन. मॅन्सफील्डला जेमतेम काही सामने झाले आणि त्याचा पाय मोडला. कारकीर्द तिथेच संपली.

म्हणजे तो चांगला खेळाडू होता की सामान्य?

चांगला होता. हे मुद्दाम सांगावंसं वाटतं, कारण नंतरच्या काळात त्याला कुणीतरी भुरटा, खेळ न येणारा माणूस म्हणून रंगवलं गेलं. एव्हर्टनसारखा क्लब कुणालाही उगाच घेत नाही. तिथे त्याचा जम बसला नाही हे खरं. पण प्लिमथमध्ये तो पुन्हा गोल करू लागला. १९५८-५९मध्ये इंग्लंडच्या तिसऱ्या श्रेणीची उत्तर-दक्षिण विभागणी मोडून ती देशभराची एकच साखळी झाली आणि त्या पहिल्याच वर्षी प्लिमथ विजेता ठरला. त्या संघात गॉल्ड होता.

त्याच्या कारकिर्दीकडे पाहिलं तर एक गोष्ट डोळ्यांत भरते. पाच-सहा वर्षांत सहा क्लब. प्रत्येक ठिकाणी नवं ड्रेसिंगरूम, नवे सोबती, नव्या ओळखी. बहुतेक खेळाडूंच्या बाबतीत याचा अर्थ एवढाच की माणूस कुठे टिकला नाही. गॉल्डच्या बाबतीत मात्र हेच पुढे त्याचं भांडवल झालं. त्याने कुठल्या क्लबात कुणाला गाठलं, हे समजून घेतलं की सगळं प्रकरण उलगडतं.

त्या काळी खेळाडूंना पैसे किती मिळायचे?

आजच्या आकड्यांची सवय झालेल्या वाचकाला पटणार नाही इतके कमी. इंग्लंडमध्ये खेळाडूच्या पगारावर वरची मर्यादा होती. १९५८पासून ती मोसमात आठवड्याला २० पौंड आणि उन्हाळ्यात १७ पौंड. देशातल्या सर्वांत मोठ्या खेळाडूलाही यापेक्षा जास्त पगार देता येत नसे. आणि ही मर्यादा होती, हमी नव्हती. तिसऱ्या-चौथ्या श्रेणीत बरेच जण याहून कमी पैशांवर खेळायचे.

मर्यादा जानेवारी १९६१मध्ये उठली. खेळाडूंच्या संघटनेचे अध्यक्ष जिमी हिल यांनी संपाची नोटीस दिल्यावर क्लबांनी माघार घेतली. लगेच फुलहॅमच्या जॉनी हेन्सला आठवड्याला १०० पौंड मिळाल्याची बातमी झळकली. पण ते झालं वरच्या मजल्यावर. खालच्या श्रेणीत प्रेक्षक कमी होत होते, क्लब कर्जात होते आणि वाढीव पगार द्यायला तिजोरीत काही नव्हतं.

त्यात आणखी एक जाच होता. करार संपला तरी खेळाडूची नोंदणी क्लबकडेच राहायची. क्लबने सोडायचं नाही ठरवलं की खेळाडूने दुसरीकडे जायचं नाही, आणि पगार मिळेलच असंही नाही. न्यूकॅसलच्या जॉर्ज ईस्टहॅमने याविरुद्ध कोर्टात धाव घेतली. १९६३मध्ये न्यायमूर्ती विल्बरफोर्स यांनी ही पद्धत म्हणजे खेळाडूच्या रोजगारावर अवास्तव बंधन आहे असा निकाल दिला. गॉल्डचा धंदा चालला तो या निकालाच्या आधीच्या वर्षांत.

सट्टा बेकायदेशीर होता का?

नाही, आणि इथेच आपल्याकडच्या वाचकाचा गोंधळ होतो. सट्टा म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर लपूनछपून चालणारा बाजार आणि फोनवरचा बुकी येतो. ब्रिटनमध्ये फुटबॉल पूल्सची, म्हणजे सामन्यांच्या निकालांचे अंदाज लावायची, कुपनं घरोघरी भरली जायची. १९६०च्या कायद्यानंतर मे १९६१पासून भर रस्त्यावर बेटिंगची दुकानं उघडली. बुकी परवाना घेऊन, पाटी लावून बसलेला.

म्हणून खटल्यात गुन्हा सट्टा लावण्याचा नव्हता. निकाल आधीच ठरवून त्यावर पैसे लावायचे आणि बुकींना गंडवायचं, यासाठी अनेकांनी मिळून रचलेला कट, हा गुन्हा होता. खेळाडूने स्वतःच्या सामन्यावर पैसे लावणं फुटबॉलच्या नियमात बसत नव्हतंच, पण तुरुंग झाला तो फसवणुकीच्या कटासाठी.

एकच सामना विकत घ्यायचा सोडून तीन-तीन सामने का?

मला वाटतं, हे प्रकरण कळायचं असेल तर हे उत्तर सर्वांत महत्त्वाचं आहे.

बुकींची फिक्स्ड ऑड्सची कुपनं असायची. त्यात दर आधीच छापलेला. एकट्या सामन्यावर मोठी रक्कम लावू द्यायला बुकी तयार नसत, कारण एका सामन्यात काहीतरी शिजलेलं असू शकतं हे त्यांनाही कळत होतं. म्हणून निदान तीन सामन्यांचे निकाल एकत्र सांगायचे, म्हणजे ट्रेबल लावायचं. तिन्ही बरोबर आले तरच पैसे, एक जरी चुकला तरी सगळे बुडाले.

आता यातलं गणित बघा. समजा प्रत्येक सामन्यात पैसे दुप्पट होणार आहेत. पहिल्या सामन्यात १० पौंडांचे २० झाले, ते दुसऱ्यावर लागून ४० झाले, तिसऱ्यावर ८०. प्रामाणिकपणे लावणाऱ्याला तीनही निकाल बरोबर येणं फार कठीण. पण तिन्ही सामन्यांचा निकाल आधीच माहीत असेल तर बुकीने स्वतःच्या बचावासाठी घातलेली अटच लुटारूच्या फायद्याची ठरते. शिवाय हरणाऱ्या संघावर नाही, तर त्याच्या प्रतिस्पर्ध्यावर पैसे लावायचे, म्हणजे कुपन इतर हजारो कुपनांसारखंच दिसतं.

यातूनच दुसरी गोष्ट आली. तीन सामने हवेत म्हणजे तीन क्लबांत माणसं हवीत. एक गोलरक्षक, एक मधला बचावपटू, निदान एखादा आघाडीपटू. दर वेळी तेच सामने चालणार नाहीत, म्हणजे आणखी क्लब, आणखी माणसं. जाळं वाढवल्याशिवाय धंदा चालणार नव्हता. आणि जाळं जितकं मोठं, तितकी त्यातली एखादी गाठ सुटण्याची शक्यता जास्त. गॉल्ड बुडाला तोही यामुळेच.

त्याने ही माणसं गाठली कशी?

जुन्या ओळखीतून. शिक्षा झालेल्यांची नावं आणि त्यांचे आधीचे क्लब समोरासमोर ठेवून पाहा.

डेव्हिड लेन, ज्याला सगळे ब्राँको म्हणायचे, तो पुढे शेफिल्ड वेन्सडेचा गोल करणारा हुकमी आघाडीपटू झाला. पण त्याआधी तो स्विंडनमध्ये गॉल्डचा सहकारी होता. यॉर्क सिटीचा जॅक फाउंटन, तोही स्विंडनचाच. हा एक धागा.

दुसरा धागा मिडल्सबरोचा. मॅन्सफील्डचा मधला बचावपटू ब्रायन फिलिप्स आधी मिडल्सबरोला होता. ब्रिस्टल रोव्हर्सचा गोलरक्षक एसमंड मिलियन तिथलाच. हार्टलपूल्सचा केन थॉमसनही तिथूनच आलेला, आणि तो मूळचा गॉल्डच्याच ॲबर्डीनचा.

एकाच क्लबात काही वर्षं घालवलेल्या खेळाडूंमध्ये काय नातं असतं हे सांगायला नको. एकत्र प्रवास, एकत्र दुखापती, एकमेकांच्या घरी जेवणं, बायकामुलांची ओळख. क्लब बदलले तरी फोन सुरू राहतात. गॉल्डने हा विश्वासच वापरला. अनोळखी माणूस दारात पैसे घेऊन उभा राहिला असता तर यांतले कितीतरी जण त्याला हाकलून देते. पण जुना दोस्त सहज विचारतो, "शनिवारी तुमचं काय होणार?" तेव्हा माणूस बेसावध असतो. तुम्ही तसेही हरणार आहात, मग चार पैसे कमवा, हे मन वळवण्याचं सूत्र होतं. मला या प्रकरणातला सर्वांत घाणेरडा भाग हाच वाटतो.

गॉल्डने हे सगळं पाय मोडल्यानंतर सुरू केलं का? नाइलाजाने?

नाही. त्याच्या बाजूने हा युक्तिवाद नेहमी केला जातो, पण तारखा जुळत नाहीत. स्विंडनमध्ये असताना, म्हणजे १९५९-६०च्याच मोसमात, तो यात होता. एप्रिल १९६०मध्ये स्विंडन पोर्ट व्हेलकडून ६-१ असा हरला. विकल्या गेलेल्या सामन्यांत या सामन्याचं नाव घेतलं जातं. तेव्हा गॉल्डचे दोन्ही पाय धड होते आणि पगार सुरू होता.

पाय मोडल्यानंतर फरक एवढाच पडला की पगार गेला आणि हा जोडधंदा मुख्य धंदा झाला. खेळाडू होता तोवर स्वतःच्या संघाचा सामना तो आतून बिघडवू शकत होता. खेळ सुटल्यावर त्याला बाहेरून इतरांकडून काम करून घ्यावं लागलं, म्हणून तो देशभर फिरू लागला.

मग बिंग फुटलं कसं?

फसलेल्या सामन्यामुळे.

२० एप्रिल १९६३. ब्रॅडफर्ड पार्क ॲव्हेन्यू विरुद्ध ब्रिस्टल रोव्हर्स, तिसऱ्या श्रेणीचा सामना. रोव्हर्सने हरायचं ठरलेलं. गोलरक्षक मिलियनला ३०० पौंड कबूल केलेले. त्याच्यासाठी ही अनेक महिन्यांच्या पगाराची रक्कम. संघातला कीथ विल्यम्स हाही सामील.

मिलियनने आपलं काम केलं. दोन गोल सोडले, आणि ते सोडताना पाहणाऱ्यांना खटकावं इतक्या ढोबळ चुका केल्या. पण रोव्हर्सच्या बाकीच्या खेळाडूंना यातलं काहीच ठाऊक नव्हतं. ते नेहमीसारखे जीव तोडून खेळले आणि त्यांनीही दोन गोल केले. सामना २-२ बरोबरीत सुटला. ट्रेबल कोसळलं.

या सामन्याबद्दल वाचताना मला नेहमी त्या बाकीच्या नऊ जणांचं कौतुक वाटतं. त्यांच्या पाठीत खंजीर खुपसला गेला होता, त्यांना पत्ता नव्हता, आणि तरी त्यांनी केवळ आपलं काम चोख करून सगळा कट उधळून लावला. त्यांची नावं कुणी घेत नाही.

कुजबुज सुरू झाली, क्लबने चौकशी केली, मिलियनने कबुली दिली. मिलियन, विल्यम्स आणि मध्यस्थ ब्रायन फिलिप्स या तिघांना कोर्टाने प्रत्येकी ५० पौंड दंड केला. फुटबॉल असोसिएशनने तिघांवर आजन्म बंदी घातली. म्हणजे कोर्टाच्या लेखी प्रकरण ५० पौंडांचं होतं. दीड वर्षाने याच गुन्ह्याचं मोजमाप पार बदललं.

वर्तमानपत्राचा यात काय भाग होता?

फार मोठा. 'संडे पीपल' या रविवारच्या वर्तमानपत्राचा पत्रकार माइक गॅबर्ट हे प्रकरण धरून बसला. १९६३च्या ऑगस्टमध्ये पहिल्या बातम्या आल्या. हार्टलपूल्सच्या केन थॉमसनने आपल्याच संघाच्या पराभवावर पैसे लावल्याचं त्यात उघड झालं. मग गॅबर्ट गॉल्डपर्यंत पोचला.

आणि गॉल्डने आपली कहाणी विकली. सात हजार पौंडांहून अधिक रकमेला. सामने विकून त्याने जे कमावलं होतं त्याच्या दुपटीहून जास्त पैसे त्याला सामने विकल्याची कबुली विकून मिळाले.

पण त्याने फक्त स्वतःची कबुली दिली ना?

असं झालं असतं तर त्याच्याबद्दल थोडा तरी आदर वाटला असता. वर्तमानपत्राला नावं हवी होती, आणि तीही मोठी. चौथ्या श्रेणीतल्या मध्यरक्षकाच्या नावाने पहिलं पान होत नाही. गॉल्डने आपल्या जुन्या दोस्तांची भेट घेतली, त्यांना झालेल्या व्यवहारांबद्दल बोलतं केलं आणि त्यांच्या नकळत ते बोलणं टेपवर घेतलं गेलं. समोरचा माणूस मित्र म्हणून बोलत होता.

या टेप कोर्टात पुरावा म्हणून वाजल्या. ध्वनिमुद्रण पुरावा म्हणून स्वीकारणं हे इंग्लंडच्या फौजदारी कोर्टात तेव्हा नवलाचं होतं. १२ एप्रिल १९६४च्या अंकात शेफिल्ड वेन्सडेची तीन नावं छापून आली: पीटर स्वान, टोनी के आणि डेव्हिड लेन.

एकाच माणसाने आधी मित्रांना भ्रष्ट केलं आणि मग त्यांना विकलं. पहिल्या गुन्ह्याची शिक्षा त्याला कोर्टात मिळाली, दुसऱ्याची किंमत वर्तमानपत्राने मोजली.

शेफिल्डच्या त्या सामन्यात नक्की काय झालं?

१ डिसेंबर १९६२. इप्सविच टाउन विरुद्ध शेफिल्ड वेन्सडे, पहिल्या श्रेणीचा सामना, इप्सविचच्या पोर्टमन रोडवर. इप्सविच आदल्या मोसमाचा विजेता. गॉल्डने स्विंडनच्या ओळखीतून लेनला गाठलं आणि लेनने ही गोष्ट स्वान आणि के यांच्या कानावर घातली. तिघांनी प्रत्येकी ५० पौंड वेन्सडेच्या पराभवावर लावले.

त्याच दिवशीचे आणखी दोन सामने ट्रेबलमध्ये होते: लिंकन सिटी विरुद्ध ब्रेंटफर्ड, आणि यॉर्क सिटी विरुद्ध ओल्डहॅम. लिंकन हरला. यॉर्क हरला. वेन्सडे २-० हरला. तिघांना प्रत्येकी १०० पौंड नफा झाला.

त्यांनी मुद्दाम सामना घालवला का?

कोर्टाने त्यांना दोषी धरलं ते कटासाठी, आणि स्वतःच्या पराभवावर पैसे लावले हे त्यांनी नाकारलं नाही. मैदानावर काय केलं हा प्रश्न अधिक गुंतागुंतीचा आहे. 'संडे पीपल'च्याच वार्ताहराने त्या सामन्याच्या वृत्तात टोनी के याला सर्वोत्कृष्ट खेळाडू ठरवलं होतं. ज्या वर्तमानपत्राने त्याची कारकीर्द संपवली, त्याच वर्तमानपत्राने!

पीटर स्वानने पुढे म्हातारपणी सांगितलं की सामना आम्ही सरळ हरलो, पण आम्ही जिंकत असतो तर मी काय केलं असतं हे मला सांगता येत नाही. मला हे उत्तर प्रामाणिक वाटतं. आणि त्यातच त्याचा गुन्हाही आहे. खेळाडूच्या मनात हा प्रश्न उभा राहण्याची सोयच असता कामा नये. प्रेक्षक तिकीट काढून येतो ते एवढ्या एका खात्रीवर.

खटला कुठे चालला आणि कुणाला काय शिक्षा झाली?

जानेवारी १९६५, नॉटिंगहॅम असायझेस, म्हणजे तिथलं गंभीर गुन्ह्यांचं कोर्ट. न्यायाधीश होते फ्रेडरिक लॉटन. २६ जानेवारीला शिक्षा सुनावल्या गेल्या.

गॉल्डला चार वर्षं, वर खटल्याच्या खर्चापोटी ५,००० पौंड. म्हणजे वर्तमानपत्राकडून आलेल्या पैशांतला मोठा वाटा कोर्टातच गेला. फिलिप्स आणि फाउंटन यांना प्रत्येकी १५ महिने. गोलरक्षक डिक बीटीला ९ महिने. मॅन्सफील्डचा सॅमी चॅपमन, वॉलसॉलचा रॉन हॉवेल्स आणि हार्टलपूल्सचा केन थॉमसन यांना ६ महिने. स्वान, के आणि लेन यांना चार-चार महिने.

लॉटन यांनी गॉल्डला सुनावताना दोन गोष्टींवर बोट ठेवलं. त्याने देशाच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत व्यावसायिक फुटबॉल नासवला, आणि स्वान, के, लेन यांच्यासारख्या गुणी खेळाडूंचं वाटोळं केलं. चार वर्षांमागे हा दुसरा मुद्दाही होता.

यात आणखी स्कॉटिश खेळाडू होते का?

होते. थॉमसनचा उल्लेख वर आलाच. दुसरा डिक बीटी. ग्लासगोच्या सेल्टिक क्लबच्या चाहत्यांना हे नाव वेगळ्याच कारणासाठी पाठ आहे. १९ ऑक्टोबर १९५७ला स्कॉटिश लीग कपच्या अंतिम सामन्यात सेल्टिकने रेंजर्सचा ७-१ असा फडशा पाडला, त्या दिवशी सेल्टिकच्या गोलमध्ये बीटी होता. पुढे तो पोर्टस्मथ, पीटरबरो करत सेंट मिरनला पोचला आणि तिथून तुरुंगात.

त्या ७-१च्या सामन्याबद्दलही संशय आहे का?

अजिबात नाही. काही वाचक हे विचारतात म्हणून स्पष्ट लिहिलं. बीटीची शिक्षा नंतरच्या काळातल्या, इंग्लंडमधल्या सामन्यांशी जोडलेली आहे.

तुरुंगातून सुटल्यावर ते पुन्हा खेळले का?

आजन्म बंदी होती, त्यामुळे तुरुंगाचे काही महिने ही छोटी शिक्षा होती. मोठी शिक्षा दारात उभी होती.

पीटर स्वान इंग्लंडकडून सलग १९ सामने खेळलेला मधला बचावपटू. १९६२च्या विश्वचषकासाठी चिलीला गेलेला, पण तिथे आजारी पडल्यामुळे खेळू न शकलेला. टोनी के त्या इप्सविचच्या सामन्यानंतर थोड्याच दिवसांत साठ हजार पौंडांच्या घरातल्या रकमेला एव्हर्टनकडे गेला, १९६३ची साखळी जिंकणाऱ्या संघाचा कणा ठरला आणि त्याच जूनमध्ये स्वित्झर्लंडविरुद्धच्या ८-१ विजयात त्याने इंग्लंडसाठी गोल केला. तो त्याचा पहिला आंतरराष्ट्रीय सामना होता आणि शेवटचाही. १९६६मध्ये इंग्लंडने मायदेशी विश्वचषक जिंकला तेव्हा हे दोघे बंदीखाली होते. त्यांना जागा मिळालीच असती असं कुणी छातीठोकपणे म्हणू शकत नाही, पण दोघांचाही विचार झाला असता याबद्दल मला शंका नाही.

१९७२मध्ये बंदी उठली. स्वान तेव्हा पस्तिशीत होता. शेफिल्ड वेन्सडेने त्याला परत घेतलं, तो पुन्हा त्याच निळ्या-पांढऱ्या पट्ट्यांच्या जर्सीत उतरला, मग बरी नावाच्या क्लबकडून खेळला. पुढे मॅटलॉक टाउन या साखळीबाहेरच्या छोट्या क्लबाचा व्यवस्थापक झाला आणि १९७५मध्ये वेम्ब्लीवर एफए ट्रॉफी ही अशाच छोट्या क्लबांची स्पर्धा जिंकून दिली, स्कारबरोला ४-० हरवून. २०२१मध्ये त्याचं निधन झालं. लेनही वेन्सडेकडे परतला, पण पहिल्या संघात त्याला जागा मिळाली नाही. टोनी के व्यावसायिक फुटबॉलमध्ये पुन्हा कधीच आला नाही.

ही शिक्षा योग्य होती, असं तुम्हाला वाटतं का?

गॉल्डची, हो. चार वर्षं त्याच्यासाठी जास्त नव्हती. तो वर्षानुवर्षं हे करत होता, इतरांना ओढत होता आणि शेवटी त्याने सगळ्यांना विकलं.

फिलिप्ससारख्या मध्यस्थांबद्दलही मला फार वाईट वाटत नाही. मिलियन प्रकरणात दंड आणि बंदी भोगूनही तो १५ महिन्यांसाठी आत गेला, कारण त्याचा हात एका सामन्यापुरता नव्हता.

स्वान, के आणि लेन यांच्या बाबतीत मात्र माझं मत वेगळं आहे. एका सामन्यावर ५० पौंड लावणं गंभीर होतं. काही वर्षांची बंदी, दंड, राष्ट्रीय संघातून हकालपट्टी हे सगळं समजू शकतो. पण तुरुंग आणि वर आजन्म बंदी, हे गुन्ह्याच्या मापाबाहेर होतं. बंदी ज्यांनी घातली त्यांनीच सात वर्षांनी ती उठवली, म्हणजे त्यांनाही ते उमगलं. तोवर खेळण्याची वर्षं निघून गेली होती.

कमी पगारामुळे हे घडलं, मग दोष क्लबांचा नाही का?

क्लबांचा दोष आहेच. खेळाडूला वर्षानुवर्षं वेठीला धरायचं, पाय मोडला की वाऱ्यावर सोडायचं आणि मग त्याने निष्ठा दाखवावी अशी अपेक्षा ठेवायची, यात न्याय नव्हता. तळाच्या श्रेणीत अशी माणसं सोपं सावज होती आणि गॉल्डला ते नेमकं ठाऊक होतं, कारण तो त्यांच्यातलाच होता.

पण शेकडो खेळाडू त्याच पगारावर, त्याच असुरक्षिततेत खेळले आणि त्यांनी सामने विकले नाहीत. त्यांनी उन्हाळ्यात रंगकाम केलं, कोळसा वाहिला, दुकानं चालवली. गरिबीमुळे मोह पडतो हे खरं, पण गरिबी हेच कारण मानलं तर या माणसांच्या प्रामाणिकपणाची किंमत शून्य होते. आणि हेही विसरू नका की शेफिल्डचे तिघे गरीब नव्हते.

यानंतर नियम बदलले का?

खेळाडूंनी सट्टा खेळण्याबाबतचे नियम हळूहळू कडक होत गेले. इंग्लंडमध्ये ऑगस्ट २०१४पासून व्यावसायिक खेळाडूला जगातल्या कुठल्याही फुटबॉल सामन्यावर पैसे लावता येत नाहीत, तो सामना त्याच्या संघाचा असो वा नसो. स्कॉटलंडमध्येही खेळाडूंना फुटबॉलवर पैसे लावायला बंदी आहे, आणि तरी तिथल्या खेळाडूंवर त्यासाठी कारवाया होत असतात. दरम्यान क्लबांच्या जर्सीवर बेटिंग कंपन्यांची नावं झळकत राहिली, साखळ्यांना त्यांनी नावं दिली. खेळाडूच्या छातीवर ज्याची जाहिरात, त्याच्याकडे त्याने फिरकायचं नाही, हा दुटप्पीपणा मला खटकतो.

विकल्या गेलेल्या सामन्यांचे निकाल रद्द झाले का?

नाही. कुठलाही सामना पुन्हा खेळवला गेला नाही, गुणही फिरवले गेले नाहीत. १९६२-६३च्या मोसमाचा तक्ता उघडला तर इप्सविच २, शेफिल्ड वेन्सडे ० हा निकाल तसाच आहे. लिंकनचा पराभव तसाच आहे, यॉर्कचाही, आणि ब्रॅडफर्डमधली ती २-२ बरोबरीही.